उतार रस्त्याला होता

आमचे आतोबा, म्हणजे माझ्या आत्याचे यजमान, आयुष्यात एकदाही चुकले नाहीत. चुकायचे ते इतर. शिंपी पायजमा शिवताना चुकायचा, चपलांचा दुकानदार डावी चप्पल एकाच बाजूने झिजेल अशी मुद्दाम निवडून द्यायचा, सुतार खुर्चीचा एक पाय आखूड ठेवायचा आणि हवामान खातं तर चुकण्यासाठीच पगार घ्यायचं. या सगळ्या चुकांची दखल घेणारा शहरात एकच जबाबदार माणूस उरला आहे आणि तो स्वारगेटच्या अलीकडे एका तीन मजली सोसायटीत तळमजल्यावर राहतो, याबद्दल आतोबांच्या मनात शंका नव्हती. सरकारी बांधकामांवर ओव्हरसियर म्हणून त्यांची हयात गेलेली. नोकरीतून ते निवृत्त झाले, पण त्यांच्यातला ओव्हरसियर मात्र एक दिवसही रजेवर गेला नाही. सदऱ्याच्या खिशात त्यांचा ओळंबा कायम असायचा. दोरीच्या टोकाला पितळी वजन, भिंत सरळ उभी आहे की नाही हे बघायचं गवंड्यांचं साधन. इतर म्हाताऱ्यांच्या खिशात सुपारी सापडते, यांच्या खिशात हे. कुणाकडे चहाला गेले की कप येईपर्यंत ते एक डोळा मिटून यजमानांच्या भिंतीला ओळंबा लावून मोकळे व्हायचे. "दोन सूत बाहेर आहे," असा पाव इंचाचा निकाल सांगायचे. एकदा यजमान त्यांना म्हणाले, "असू दे. आम्ही तिच्या आतल्या बाजूला राहतो." आतोबांना हे उत्तर मनापासून आवडलं आणि त्या घरी ते पुन्हा कधी गेले नाहीत.

आमच्या नव्या घराच्या वास्तुशांतीला गुरुजी मंत्र म्हणत होते आणि आतोबा स्वयंपाकघराच्या चौकटीला ओळंबा लावून उभे होते. "दार कललंय," ते पूर्णाहुतीच्या ऐन क्षणी म्हणाले. माझी बायको म्हणाली, "म्हणूनच ते आपोआप लागतं, आतोबा. वाढताना हात भरलेले असतात, सोय होते." त्यावर त्यांनी तिच्याकडे अशा नजरेने पाहिलं, की धरण फुटल्यावर मासे मिळाले म्हणून आनंद मानणाऱ्याकडेही कुणी पाहणार नाही.

अशा या माणसाचा डावा गुडघा सरळ नव्हता. हे वाक्य मी इथे लिहू शकतो, त्यांच्यासमोर उच्चारायची कुणाची टाप नव्हती. दोन्ही पाय मुळातच थोडे धनुकलीसारखे. ते पाठमोरे उभे असले की दोन गुडघ्यांमधून पलीकडची भाजीची हातगाडी दिसायची आणि तिच्यावर भेंडी आहे की गवार हेही सांगता यायचं. पण खरा प्रकार ते चालू लागले की सुरू व्हायचा. डावं पाऊल जमिनीवर टेकून अंगाचा भार त्यावर आला, की तो गुडघा पुढे जायच्या आधी झटकन बाहेरच्या बाजूला सरकायचा, तिथे काही विसरलं आहे का ते बघितल्यासारखं करायचा आणि मग परत येऊन पुढचं पाऊल टाकू द्यायचा. हे प्रत्येक पावलाला. त्यांच्या डाव्या हाताने चालणाऱ्याला दर पावलागणिक एक ढुशी बसायची. कोपराने मारतात ती कोपरखळी, तर हिला गुडघखळी म्हणायला हरकत नव्हती.

"रस्त्याला उतार आहे," हे आतोबांचं त्यावरचं स्पष्टीकरण. "पाणी वाहून जावं म्हणून रस्ता मधे उंच आणि कडेला उतरता करतात. तो उतार किती असावा याला नियम आहे. या शहरातल्या कंत्राटदारांनी तो वाचलेला नाही. माणूस कडेने चालणार, मग त्याचा पाय बाहेर जाणारच."

"पण आतोबा, घरात चालतानाही तो बाहेर जातो."

"फरशी."

"आणि गच्चीवर?"

"गच्चीला उतार असावाच लागतो. नाहीतर गळेल." एवढं बोलून ते वर्तमानपत्रात शिरायचे आणि माझं शिक्षण फुकट गेल्याची त्यांची खात्री पुन्हा एकदा पटलेली असायची.

संध्याकाळी ते सारसबागेपर्यंत चालत जायचे. रिक्षा हे आजारी माणसांचं वाहन आहे आणि आपण आजारी नाही, हा त्यातला विचार. वाटेत त्यांना शेखसाहेब भेटत. शेखसाहेब गुरुवार पेठेतले, पोस्टातून निवृत्त झालेले, बोलणं अत्तरासारखं बेताने शिंपडणारे. ते भेटताक्षणी वळसा घालून आतोबांच्या उजव्या हाताला यायचे. आतोबांनी एकदा विचारलं, "तुम्ही नेहमी याच बाजूने का चालता?"

"डावीकडे आपला गुडघा असतो, रावसाहेब."

"माझा गुडघा माझ्या जागेत असतो."

"असतो ना," शेखसाहेब म्हणाले. "त्याला जागा जरा जास्त लागते, इतकंच."

डाव्या बाजूला चालायची माझी आत्या. बायकोला वाहनांच्या बाजूला ठेवायचं नाही, हा आतोबांचा कडक नियम. त्यामुळे ते रहदारीच्या अंगाला आणि आत्या त्यांच्या डावीकडे, कडेला. म्हणजे गुडघ्याच्या थेट वाटेत. इतक्या वर्षांत तिने त्या गुडघ्याशी एक समझोता केला होता. आतोबांचं डावं पाऊल पडलं की ती अर्धं पाऊल डावीकडे सरकायची, गुडघा आपलं काम उरकून परत गेला की पुन्हा जवळ यायची. पाठीमागून बघणाऱ्याला वाटावं, की हे म्हातारं जोडपं कुठलीशी गरब्याची गाणी मनातल्या मनात म्हणत चाललंय. मधूनच ती हळू आवाजात "अहो, गुडघा" म्हणायची. दुसरी बायको "अहो, खड्डा" म्हणते तसं. आतोबा म्हणायचे, "उतार."

गुडघा दुखत होता, यात शंका नव्हती. सकाळी उठल्यावर पहिली काही पावलं ते भिंतीच्या आधाराने टाकायचे, पण त्याला ते भिंत तपासणं म्हणत. गच्चीवरून जिना उतरताना मधल्या वळणावर थांबून कठड्याच्या सळ्यांवर टीका करत, तेवढ्यात पायाला विसावा मिळायचा. नातेवाइकांनी औषधांचा मारा केला. कुणी निर्गुडीचा पाला आणून दिला, कुणी तिळाच्या तेलात लसूण कढवून बाटली पाठवली. आतोबांनी सगळं साभार परत केलं, कारण औषध घ्यायचं म्हणजे आजार मान्य करायचा. मेथीचे लाडू मात्र त्यांनी परत केले नाहीत. "चवीला बरे आहेत," म्हणून डबा संपवला आणि कडू झाले होते असंही वर कळवलं.

गुडघे धड ठेवायचा त्यांचा स्वतःचा एक सिद्धान्त होता. माणसाने जमिनीवर बसावं. खुर्चीने गुडघ्याची सवय जाते आणि सवय गेली की गुडघा जातो. म्हणून त्यांच्या घरात जेवणाचं टेबल नव्हतं. पाट मांडायचे, मांडी घालून बसायचं आणि बसलेल्याला जे हवं ते आत्याने उठून आणायचं. पोळी आणायला ती उठायची, ताक आणायला उठायची, आतोबांना मीठ कमी वाटलं की मीठ आणायला उठायची. उठताना ती भिंतीतल्या कपाटाची कडी धरायची. ती कडी सारखी सैल व्हायची. आतोबा स्क्रूड्रायव्हर घेऊन बसायचे, ती घट्ट करायचे आणि कड्या बनवणाऱ्यांच्या हल्लीच्या पिढीबद्दल मोकळेपणाने बोलायचे. कडी का सैल होते, हा प्रश्न या थोर निरीक्षकाला पडला नाही.

मग एका संध्याकाळी सारसबागेबाहेर तो गुडघा बाहेर गेला आणि परत आला नाही.

हा प्रसंग मला शेखसाहेबांनी सांगितला. भेळेच्या गाड्यांशी तिघं पोचले होते. आतोबा शहरातल्या गटारांच्या झाकणांबद्दल काहीतरी मूलभूत सांगत होते आणि बोलता बोलता त्यांचा डावा पाय मोडल्यासारखा कलला. सगळं अंग डावीकडे गेलं. डावीकडे आत्या होती. ती या वेळी बाजूला सरकली नाही. तिने दोन्ही हातांनी त्यांना धरलं, त्यांचा सगळा भार अंगावर घेतला, आणि शेखसाहेब पलीकडून येऊन पोचेपर्यंत त्यांना एका भेळवाल्याच्या रिकाम्या स्टुलावर टेकवलं. भेळवाल्याने गिऱ्हाईक बसलेलं पाहिलं.

"आजोबा, तिखट की मध्यम?"

आतोबांचा चेहरा पांढराफटक पडलेला. कपाळावर घाम. पण आपण पडलो, असं म्हणणं शक्यच नव्हतं. ते म्हणाले, "मध्यम."

आणि त्यांनी ती भेळ शेवटच्या कुरमुऱ्यापर्यंत खाल्ली. बाहेरचं खाणं म्हणजे विष मानणाऱ्या त्या माणसाने जाताना भेळवाल्याला चिंचेच्या पाण्याबद्दल शाबासकीही दिली.

"आणि आत्या?" मी विचारलं.

"भाभी उभ्याच होत्या," शेखसाहेब म्हणाले. "शेजारी दुसरं स्टूल होतं, मी म्हटलं, बसा. नको म्हणाल्या. मला वाटलं, रागावल्या असतील."

दुसऱ्या दिवशी आत्याचा फोन आला. "यांना एकदा हाडांच्या डॉक्टरांना दाखव रे. माझं ऐकणार नाहीत." माझंही ऐकणार नव्हते. पण माझ्या ओळखीच्या एका डॉक्टरांनी नुकताच नवा दवाखाना बांधला होता. मी आतोबांना म्हटलं, "इमारत नवी आहे, पण डॉक्टरांना भिंतींबद्दल शंका आहे. कुणी जाणकार बघून गेला तर बरं होईल." आतोबांनी ताबडतोब इस्त्रीचा सदरा मागितला. आत्या म्हणाली, "मीही येते सोबत."

या डॉक्टरांची तऱ्हा वेगळी होती. पेशंट आत आला की ते दारात उभे राहायचे आणि लांबलचक पॅसेजमधून त्याला येताना बघायचे. आतोबा भिंतींवरून हात फिरवत आले, मागे आत्या, तिच्या मागे मी.

"परत टोकाला जा आणि परत या," डॉक्टर म्हणाले.

"आत्ता आलो ना."

"ते तुमच्यासाठी. आता माझ्यासाठी या."

आतोबांना आयुष्यात पहिल्यांदा बरोबरीचा माणूस भेटला होता. ते गेले आणि आले. मग उभं करून एक्स-रे काढले गेले. डॉक्टरांनी ते उजेडाच्या पेटीवर लावले आणि पट्टीने खुब्यापासून घोट्यापर्यंत एक रेघ ओढली.

"शरीराचा भार या रेघेने खाली जातो. ती गुडघ्याच्या मधोमध यायला हवी. तुमची आतल्या अंगाने गेली आहे. त्यामुळे आतली गादी झिजली. गादी झिजली की पाय आणखी बाहेर वाकतो, वाकला की भार आणखी आत सरकतो. आणि पावलागणिक गुडघा बाहेर जो झटका देतो ना, तो त्याच झिजलेल्या जागी बसतो. रोज. प्रत्येक पावलाला."

आतोबांनी खिशातून ओळंबा काढला. एक डोळा मिटला आणि तो एक्स-रेसमोर धरला. पितळी वजन थोडं हललं, मग स्थिर झालं.

"हा खांब मी पास केला नसता," आतोबा म्हणाले.

माझ्या माहितीत त्यांनी दिलेली ही एकमेव कबुली. ती देऊन होताच त्यांनी मान वर केली. "पण रस्त्याचा उतार जर—"

"रस्ता माझ्याकडे तपासायला आलेला नाही," डॉक्टर म्हणाले. मग ते खुर्ची फिरवून आत्याकडे वळले. "आता तुम्ही या, आजी. जरा त्या टोकापर्यंत चालून दाखवा."

"मी? मी नुसती सोबत आलेय."

"हिला काही नाही," आतोबा म्हणाले.

"मी त्यांना विचारतोय."

आत्या उठली. खुर्चीचे दोन्ही हात धरून उठली, हे मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. चालत टोकाला गेली आणि परत आली. मला काहीच वेगळं दिसलं नाही. साडीत पाय कुठे दिसतात? डॉक्टर म्हणाले, "मघाशी तुम्ही यांच्या मागून येत होतात तेव्हाच बघितलं. पाय दिसत नाहीत, पण प्रत्येक पावलाला सगळं अंग एकीकडे हेलकावत होतं. उठता-बसता त्रास होतो?"

"थोडा."

"थोडा म्हणजे?"

"कपाटाची कडी धरली की उठता येतं."

आतोबा तिच्याकडे बघत राहिले. "ती कडी?"

"हो."

"मग बोलली का नाहीस?"

"यांच्या गुडघ्याचं एकदा मार्गी लागलं, की सांगणार होते," आत्या म्हणाली, आणि हे ती आतोबांना नाही, डॉक्टरांना म्हणाली.

तिचा एक्स-रे लावला तेव्हा समजावून सांगायची गरजच उरली नाही. आतोबांच्या गुडघ्यात एका बाजूला निदान बारीकशी फट होती. आत्याच्या डाव्या गुडघ्यात हाड हाडावर टेकलं होतं. आदल्या दिवशी एका धडधाकट गृहस्थाचा भार तिने त्याच पायावर घेतला होता. डॉक्टर म्हणाले, "ऑपरेशन करावं लागेल. सांधा बदलायचा. आता होतात ही ऑपरेशनं, घाबरायचं कारण नाही."

आतोबा ताठ बसले. "माझी तयारी आहे."

"तुमचं नाही. तुम्हाला सध्या व्यायाम, काठी, गुडघ्याला पट्टा आणि वजन कमी. ऑपरेशन यांचं."

रिक्षाने घरी आलो. होय, रिक्षाने. वाटेत खड्डे भरपूर होते. आतोबा एकाबद्दलही बोलले नाहीत, तेव्हा मला खरी काळजी वाटली. दुसऱ्या दिवशी मी गेलो तर घरात जेवणाचं टेबल आलेलं होतं. चार खुर्च्या होत्या. टेबल डुगडुगत होतं. मी श्वास रोखून वाट पाहिली. आतोबांनी पुठ्ठ्याचा तुकडा दुमडून एका पायाखाली सरकवला, हाताने दाबून बघितलं आणि आत्याला म्हणाले, "बस गं." ती बसली. मग ते स्वतः खुर्चीवर मांडी घालून बसले, कारण सिद्धान्त एका रात्रीत सुटत नाहीत. मीठ कमी होतं. ते उठले, भिंतीच्या आधाराने आत गेले आणि मीठ घेऊन आले. मिठाची बरणी कुठे असते हे त्यांना माहीत नव्हतं, त्यामुळे आमटी गार झाली.

ऑपरेशनच्या आधी त्यांनी डॉक्टरांचं डोकं खायचं तेवढं खाल्लं. सांधा कुठल्या धातूचा, तो हाडाला चिकटवायचा कशाने, ते चिकटवणं किती दिवस टिकतं, वाळायला किती वेळ देता, वर पाणी मारता का. डॉक्टर शेवटी म्हणाले, "काका, पूल बांधत नाहीये." आतोबा म्हणाले, "पूल असता तर मी एवढं विचारलं नसतं." डॉक्टरांनी टेबलावरचा प्लॅस्टिकचा गुडघा उचलून आतोबांच्या हातात दिला आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.

ऑपरेशन नीट झालं. वॉकर धरून आत्या पहिल्यांदा पलंगाशेजारी उभी राहिली, तेव्हा आतोबा तिच्यासमोर खाली वाकू शकत नसल्यामुळे स्टुलावर बसले, एक हात उंच करून त्यांनी ओळंबा सोडला आणि एक डोळा मिटला. तेवढ्यात नर्स आत आली. तिला फक्त दोरी दिसली.

"आजोबा, इथे कपडे वाळत घालायचे नाहीत."

"सरळ आहे," आतोबा म्हणाले. नर्सला नाही, आत्याला. आत्या घामाघूम झालेली, वेदनेने ओठ दाबून उभी. तरी हसली. "पास केलात का?" तिने विचारलं. आतोबांनी ओळंबा गुंडाळला आणि गुंडाळायला त्यांना फार वेळ लागला.

खरी परीक्षा घरी आल्यावर होती. नवा सांधा वाकवायची सवय लावली नाही तर तो तसाच आखडून बसतो. एक फिजिओथेरपिस्ट मुलगी रोज सकाळी यायची. आवाज गोड, हात निर्दयी. ती आत्याचा पाय वाकवू लागली की आत्या पलंगाची चादर मुठीत धरायची आणि आतोबा व्हरांड्यात निघून जायचे. एके दिवशी ते तिथूनच ओरडले, "अहो, एवढं वाकवू नका!"

"आज नाही वाकवला तर पुढे कधीच नाही वाकणार, काका."

"मग हळू वाकवा!"

"हळूच वाकवतेय. तुम्ही आत या आणि स्वतःचे व्यायाम करा."

व्यायाम त्यांनाही सांगितले होते. गुडघा सावरायचा तर मांडीचे आणि खुब्याचे स्नायू मजबूत करायचे. शिवाय काठी. ती उजव्या हातात धरायची म्हटल्यावर आतोबांनी ओव्हरसियरकीची सगळी वर्षं पणाला लावली. "दुखतो डावा पाय आणि काठी उजव्या हातात? भिंत ज्या बाजूला कलते, टेकू त्याच बाजूला देतात."

"भिंत चालत नाही, काका," ती मुलगी म्हणाली. "उजव्या हातात धरा, डाव्या पायाबरोबर टेका, आणि मग मला सांगा." त्यांनी धरली. दोन खेपा घातल्या. तुम्हाला सांगतो, गुडघा तेव्हाही बाहेर गेला, पण बराच कमी. आतोबांनी ते तिला सांगितलं नाही. फक्त त्यानंतर काठी उजव्याच हातात राहिली.

महिनाभराने आत्या हरली. पाय जेवढा वाकायला हवा तेवढा वाकेना, रात्री सूज यायची. एक दिवस तिने त्या मुलीला दारातूनच परत पाठवलं. "पुरे झालं," ती मला म्हणाली, "मला कुठे आता शर्यती पळायच्या आहेत? घरातल्या घरात चालता येतंय, बास." मी काही समजुतीचं बोलणार, एवढ्यात आतोबा आत आले. त्यांनी शेजारच्या पलंगावर चटई अंथरली, तिच्यावर उताणे आडवे झाले आणि डावा पाय ताठ करून वर उचलला. पाय थरथरत होता. मनातल्या मनात आकडे मोजत असल्यासारखे ओठ हलत होते आणि पाय हळूहळू खाली येत होता.

आत्या बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "अहो, पाय खाली आला."

"नाही आला."

"गादीला टेकला."

"गादी वर आली असेल."

ती हसायला लागली. हसता हसता डोळे पुसले आणि आपला पाय दुमडू लागली. दुसऱ्या दिवसापासून दोघांची सकाळ अशीच जायची. दोन पलंग, दोन म्हातारे, आणि एकमेकांच्या चुका काढायची चढाओढ. आतोबांना चूक दाखवणारं माणूस घरातच आहे, हे त्यांना त्या वयात कळलं. त्याचं त्यांना फारसं वाईट वाटलेलं दिसलं नाही.

पावसाळा संपताना आत्या काठीशिवाय चालू लागली, सरळ पायाने, पूर्वीपेक्षा भरभर. आतोबा पट्टा बांधून मागून यायचे. डॉक्टरांनी कधीतरी त्यांच्याही ऑपरेशनचा विषय काढला होता. आतोबा म्हणाले, "बघू. अजून काम देतोय." त्यांच्या तोंडी कुठल्याही बांधकामाबद्दल एवढी उदार भाषा मी ऐकली नव्हती.

त्यानंतर एका सकाळी आत्याने मला बोलावून घेतलं. कात्रजला तिची थोरली बहीण राहायची. आत्याला तिच्याकडे जायचं होतं, बसने, आणि एकटीने. "मला फक्त स्वारगेटपर्यंत सोड," ती म्हणाली. आतोबाही काठी घेऊन निघाले. या बहिणींचं काहीतरी बिनसलं आहे, असं घरात सगळे धरून होते. किती वर्षांत आत्या कात्रजला गेली नव्हती. विचारलं की म्हणायची, तिला वेळ नसतो, मला वेळ नसतो. आतोबांनी तर या भांडणात मनाने आपली बाजूही घेऊन टाकली होती. मेहुणी मुळातच जरा तिरसट, असं ते मला खासगीत सांगत.

बस लागली. स्वारगेटच्या गर्दीत आत्या पुढे झाली. दाराची पहिली पायरी उंच होती, आपल्या गुडघ्यापर्यंत येईल इतकी. तिने दांडा धरला, पाय त्या पायरीवर ठेवला आणि क्षणभर तशीच थांबली. मागची माणसं कुरकुरली. मग ती चढली. खिडकीची जागा मिळाली. ती आमच्याकडे बघून, परीक्षेत पहिली आलेल्या मुलीसारखी हसली आणि म्हणाली, "ताईकडे जायचं म्हटलं की या पायरीचीच भीती वाटायची."

बस गेली. आतोबा ती वळेपर्यंत बघत उभे होते.

"भांडण नव्हतंच म्हणजे," मी म्हणालो.

"नव्हतं," ते म्हणाले. मग काठी जमिनीवर टेकवत, "मी विचारलं नाही रे कधी."

मी म्हटलं, "चला आतोबा, घरी सोडतो. ती संध्याकाळी येईल. तेव्हा परत येऊ आपण."

"तू जा. तुला ऑफिस आहे."

"आणि तुम्ही?"

"बसतो इथे."

सकाळचे साडेनऊ झाले होते. संध्याकाळ खूप लांब होती. मी हे सांगायला तोंड उघडलं, पण ते तोवर बाकावर बसलेही होते. डावा पाय त्यांनी समोर लांब पसरला होता, येणारी-जाणारी माणसं त्याला वळसा घालून जात होती, आणि एकालाही ते काही बोलत नव्हते. त्यांचं लक्ष कात्रजकडून येणाऱ्या बसेसकडे होतं.